त्या मार्चचं नवं-जुनं

"भरा अक्का, भरा. सोमवारी उचला," मोहोळकर म्हणाले, आणि माझ्या हातातली पिशवी त्यांनी स्वतः उचलून काउंटरवर ठेवली. एरवी ते खुर्चीतून उठत नसत. मार्च महिन्यात मात्र त्यांच्या अंगात जावईबापूंची सरबराई करणारा सासरा संचारत असे.

ही दोन हजार वीस सालच्या मार्चमधली गोष्ट. मोहोळकर म्हणजे आमच्या वस्त्रसेवा सहकारी बँकेच्या शाखेचे मॅनेजर. सोलापूरच्या पूर्व भागात, आम्हा तेलुगू विणकरांच्या वस्तीत ही शाखा. आणि मी सुलोचना गाजूल. शाळेचे गणवेश शिवायचा माझा कारखाना आहे. कारखाना म्हणजे घराच्या वरच्या मजल्यावर चौदा मशिनी आणि त्यांच्यावर बसणाऱ्या चौदा बायका. नवरा गेला तेव्हा पुष्कळ लोकांनी मला मशिनी विकून टाकायचा सल्ला दिला होता. त्यातल्या दोघांच्या नाती पुढे माझ्याकडेच शिवलेला गणवेश घालून शाळेत गेल्या. पैसे मी पूर्ण घेतले.

ज्यांचा सहकारी बँकेशी कर्जाचा संबंध आला नाही, त्यांना नवं-जुनं म्हणजे काय ते सांगायला हवं. माझ्यावर नऊ लाखांचं कर्ज असे. दर वर्षी मार्च संपायच्या आत ते सगळं भरून खातं कोरं करायचं आणि दोन-चार दिवसांनी तेवढंच पुन्हा उचलायचं. त्यानं बँकेची वसुली झकास दिसते, ऑडिटर खूश होतो, आणि आपली पुढच्या वर्षाची सोय होते. आता ज्याच्या घरात नऊ लाख पडून आहेत तो कर्ज कशाला काढेल? म्हणून ते दोन-चार दिवसांसाठी कुणाकडून तरी हातउसने आणायचे. सगळा पूर्व भाग हेच करायचा, बँकेला ते ठाऊक होतं, ऑडिटरलाही ठाऊक होतं. पुन्हा कर्ज मिळेल असं कागदावर कुठेच लिहिलेलं नसे. "सोमवारी उचला" एवढ्या शब्दावर सगळं चाले, आणि माझ्या आठवणीत तो शब्द कधी मोडला नव्हता.

माझे हातउसने नागेशकडून येत. नागेश माझा धाकटा दीर, लग्नाच्या जेवणाचे ठेके घेणारा. पाचशे पानांचं जेवण तो आवाज न चढवता उठवायचा. आचारी ओरडतात, वाढपी ओरडतात, वरमाई तर ओरडतेच, आणि हा आपला टॉवेल खांद्यावर टाकून भाताच्या पातेल्यापाशी उभा. एप्रिल-मेच्या लग्नांचे ॲडव्हान्स मार्चमध्ये त्याच्याकडे जमा होत. ते तो पिशवीत घालून मला आणून देई. सही नाही, चिठ्ठी नाही. आमच्यात थोरल्या भावाच्या बायकोला वदिना म्हणतात. "किराणा पाडव्यानंतर भरायचाय, वदिना. तोवर वापरा," एवढंच तो म्हणे. त्या वर्षीही तेवढंच म्हणाला होता. मी त्याला सोमवार सांगितला होता.

सोमवारी काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. आदल्या रविवारी आपण सगळ्यांनी थाळ्या वाजवल्या आणि नंतर दारं लावून घेतली. मी दोन दिवस दम धरला. मग तोंडाला पदर बांधून गल्लीबोळांतून बँकेत गेले. चौकात एका पोलिसानं काठी उगारली. मी त्याला बँकेचं पासबुक दाखवलं, तर म्हणाला, पैसे काय पळून चाललेत का. मला तेव्हा त्याचा राग आला होता. नंतर वाटलं, त्याला बिचाऱ्याला काय ठाऊक.

शटर अर्धं खाली होतं. मोहोळकर टेबलाला आडवं प्लास्टिक लावून बसले होते. या वेळी ते उठले नाहीत.

"वरून आदेश आलाय, अक्का. नवीन कर्जवाटप पूर्ण बंद."

"बरोबर आहे. पण माझं कुठे नवीन आहे? जुनंच आहे ते."

"तुम्ही भरलं की ओ. खातं बंद झालं. आता द्यायचं म्हणजे नवीनच."

मी त्यांना म्हटलं, शुक्रवारी तुम्हीच पिशवी उचलून नेलीत. ते म्हणाले, शुक्रवारी परिस्थिती वेगळी होती. मी म्हटलं, मला धंद्यासाठी नकोयत, शाळाच बंद आहेत तर गणवेश कुणाला घालू; माझ्या दिराचे आहेत, त्याला परत करायचेत, तेवढे द्या. ते म्हणाले, बँकेच्या दृष्टीनं दिराचा काही संबंध येत नाही. हे बोलताना ते प्लास्टिकवरचा एक डाग नखानं खरवडत होते. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण बँकेत आरडाओरडा करणाऱ्या बाईला वेडी समजतात आणि पुरुषाला मोठा खातेदार, हे मला चांगलं ठाऊक होतं. मी गप्प बाहेर पडले.

त्याच आठवड्यात रिझर्व्ह बँकेची घोषणा झाली. कर्जदारांनी काही महिने हप्ते भरले नाहीत तरी त्यांना थकबाकीदार धरलं जाणार नाही. मी मोहोळकरांना फोन लावला. म्हटलं, माझं काय? त्यांनी अगदी सौम्य आवाजात मला समजावलं की सवलत कर्जदारांसाठी आहे आणि माझ्यावर कर्जच नाही. म्हणजे ज्यांनी भरलं नाही त्यांना सवलत, आणि ज्यांनी पै न पै भरली त्यांच्या तोंडाला पानं पुसली. चेअरमनच्या जावयाचा टॉवेलचा कारखाना होता. त्याचे हप्ते दोन वर्षं रखडले होते, हे अख्ख्या पूर्व भागाला माहीत होतं. तो सुटला. तो घरात बसून केक करत होता. त्याच्या बायकोनं केकचे फोटो मोबाइलवर लावलेले मी पाहिले.

चेअरमन येमूल यांनाही मी फोन केला. तीनदा उचलला नाही, चौथ्यांदा उचलला. ते म्हणाले, सुलोचनाअक्का, बँक म्हणजे आपल्या सगळ्यांची आई, ती टिकली तर आपण टिकू, अशा वेळी थोडं सोसायला हवं. मी विचारलं, जावईबापू काय सोसतायत? त्यावर त्यांची रेंज गेली.

नागेशचा दोन-तीन दिवसांनी फोन येई. कधी चढा आवाज नाही. "वदिना, काही हललं का?" मी सांगे, नाही रे, देत नाहीयेत. तो "बरं" म्हणे आणि मग उगाच माझ्या तब्येतीची चौकशी करी. लग्नं मोडली नव्हती, पुढे गेली होती, पण ॲडव्हान्स लोकांना आत्ता परत हवे होते. ज्यांची नोकरी गेली, ज्यांच्या घरात कुणी आजारी पडलं, ते त्याच्या दारात येऊन उभे राहात. एका मुलीचा बाप रोज सकाळी यायचा आणि काही न बोलता समोरच्या ओट्यावर बसून राहायचा. हे मला नागेशनं सांगितलं नाही, त्याच्या बायकोनं, सरोजानं सांगितलं. मी जेवताना तो माणूस मला दिसायचा. मी त्याला कधी पाहिलं नव्हतं तरी दिसायचा.

मे महिन्यात आमच्या भागात गल्ल्यांच्या तोंडाला पत्रे ठोकले. बँक सकाळी थोडा वेळ उघडायची. आणि कुठून कोण जाणे, कुजबुज सुरू झाली की वस्त्रसेवा हललीय. दुसऱ्या एका शहरातली बँक बुडाल्याची गोष्ट लोकांच्या डोक्यात ताजी होती. तिथल्या लोकांना स्वतःचेच पैसे काढायला मनाई झाली होती. आमच्या बँकेपुढे रांग लागली. चुन्याची वर्तुळं आखलेली, एकेका वर्तुळात एकेक माणूस, सगळ्यांच्या तोंडाला मास्क, पदर, टॉवेल. कोण कोण आहे ते ओळखू येत नव्हतं. रांग चौकातून वळून शीतपेयाच्या बंद दुकानापर्यंत गेली होती.

त्या दिवशी मी घरून ठरवूनच निघाले होते. आज भांडायचं, आणि आत नाही, बाहेर, रांगेसमोर. ओरडून सांगायचं की या बँकेनं माझे पैसे गिळलेत, तुमचेही गिळेल. मला माहीत होतं की माझ्या शब्दाला पूर्व भागात वजन आहे. चौदा बायका, त्यांची माहेरं, त्यांची सासरं. मी "काढा" म्हटलं असतं तर दुपारपर्यंत रांग स्टेशनला भिडली असती.

मोहोळकरांनी मला शटरखालून येताना पाहिलं आणि माझ्या चेहऱ्यावरूनच ओळखलं असावं. केबिनमध्ये बोलावून त्यांनी दार लावलं. त्यांची दाढी वाढली होती. मी सरळ सांगितलं, आज माझे द्या, नाहीतर मी बाहेर जाऊन बोलणार आहे.

"काय बोलणार?"

"जे खरं आहे ते."

त्यांनी खुर्ची पुढे ओढली. मग म्हणाले, "खरं सांगू का अक्का? खरं तुम्हाला माहीतच नाही. तिजोरीत काही राहिलं नाही. देणारं कोणी येत नाही, सगळे काढणारे येतायत. तुम्ही भरलंत, बोल्लींनी भरलं, कोंड्यालांनी भरलं, मार्चच्या नवं-जुनंवाल्यांनी जे भरलं, त्याच पैशांवर मी रोज हे शटर उघडतोय. ते तुम्हा लोकांना परत दिले असते तर एप्रिलमध्येच कुलूप लागलं असतं."

"म्हणजे बाहेरच्यांना तुम्ही आमचे पैसे वाटताय."

"हो," ते म्हणाले. त्या एका शब्दासाठी मी त्यांना अजून थोडं मानते.

"आणि चेअरमनच्या जावयाचे?"

"त्यांच्याकडून आलेच नाहीत, तर वाटू काय?"

मला हसू आलं. रागानं कधीकधी येतं तसं. मी उठले. मोहोळकरांनी हात जोडले. मोठा माणूस, दोन मुलींचा बाप, माझ्यापुढे हात जोडून उभा. ते म्हणाले, "बोला तुम्ही. तुमचा हक्क आहे. पण एकदा रांगेत कोण आहे ते बघून बोला. रोज थोडे थोडे लोक आले तर बँक तरेल. सगळे एकदम आले तर पहिल्या पन्नासांना पैसे मिळतील आणि उरलेल्यांना वर्षभर दारही दिसणार नाही."

मी बाहेर आले. पायरीवर उभी राहिले. पहिल्या वर्तुळात राजमणी होती. माझ्याकडे काज-बटणाचं काम करायची. आधी विड्या वळायची, तिथे खोकला जडला म्हणून माझ्याकडे आली होती. मुलीला नर्सिंगला घालायचं म्हणून ती आठ वर्षं या बँकेत पैसे ठेवत होती. आठवड्याचा पगार हातात पडला की आधी बँकेत जायची, मग भाजी घ्यायची. तिच्यामागे अनसूया, तिच्यामागे कुणाची तरी म्हातारी सासू काठी टेकून. मोहोळकर खोटं बोलत नव्हते. माझ्याच बायका होत्या.

राजमणीनं मला पाहून मास्क खाली ओढला. "अक्का, तुम्हीच सांगा की. बँक ठीक हाय का? सगळे काढू का?"

रांगेतली डोकी एकेक करून माझ्याकडे वळली. मागच्यांनी पुढच्यांना विचारलं, काय म्हणतायत अक्का. मला अजून आठवतं, घशात शब्द तयार होते. गेले दोन महिने मी ते रोज घोळवत होते. नागेश डोळ्यांसमोर होता, ओट्यावरचा तो मुलीचा बाप डोळ्यांसमोर होता. आणि राजमणी आपल्या खोकल्याच्या छातीवर पासबुक धरून उभी होती. इतका राग मला आयुष्यात कधी आला नव्हता आणि तो कुणावर काढावा हे कळत नव्हतं.

"बँक ठीक आहे," मी म्हणाले.

"नक्की?"

"लागतील तेवढे काढ. बाकीचे राहू दे."

"तुमचं झालं का काम, अक्का?" अनसूयानं मागून ओरडून विचारलं. "तुमचं कर्ज अडकलंय म्हणत होते लोक."

सगळे थांबले होते. याच उत्तराला ते थांबले होते, माझ्या आधीच्या बोलण्याला नव्हे. बँकेतून बाहेर येणारा माणूस दुसऱ्याचं काय सांगतो याला किंमत नसते, त्याचं स्वतःचं काय झालं याला असते.

"झालं," मी म्हणाले. "आत्ताच झालं. काही अडकलेलं नाही."

मी ते मोठ्यानं म्हणाले, मागपर्यंत ऐकू जाईल असं. मशिनींच्या आवाजात बोलायची सवय, माझा आवाज तसाही दोन गल्ल्या ऐकू येतो. काही लोक रांग सोडून घरी गेले. राजमणीनं किराण्यापुरते पैसे काढले आणि पासबुक पदरात बांधून निघून गेली. दुसऱ्या दिवशी रांग निम्मी होती. त्याच्या पुढच्या आठवड्यात शीतपेयाच्या दुकानाशी कुणीच नव्हतं.

आता दर वर्षी सभासदांच्या सभेत येमूलसाहेब हे सांगतात. महामारीत मोठमोठ्या बँका डगमगल्या, पण संचालक मंडळाच्या दूरदृष्टीमुळे आपली बँक तरली. सभागृहात टाळ्या वाजतात. त्यावर जेवण असतं आणि जाताना एक स्टीलचा डबा मिळतो. मी डबा घेत नाही.

नागेशचा फोन त्यानंतर आला नाही. मला आधी बरंच वाटलं, खोटं का बोला. रोज रोज "नाही रे" सांगायची मला लाज वाटत होती. मी केला तर तो उचलत नसे. मी बायकांना घेऊन मास्क शिवायला सुरुवात केली होती, त्यातून जे पैसे सुटत त्यातले थोडे राजमणीच्या हाती त्याच्याकडे पाठवले. सरोजानं ते दारातूनच परत केले. सांगितलं, द्यायचे तर पूर्ण द्या, असे भिकाऱ्यासारखे नकोत. मला राग आला. वाटलं, गरिबीत माणसाला अपमान लवकर लागतो. पत्रे निघाल्यावर एकदा मी स्वतः गेले. सरोजा म्हणाली, घरी नाहीत. दारात त्याची चप्पल होती.

मग राजमणीनंच बातमी आणली की नागेशनं भांडी विकली. पाचशे पानांचा भात ज्यांत शिजायचा ती पितळी पातेली, ती कढई जिच्यात दोन माणसं बसतील, झारे, घंगाळी, सगळं मोडीत, वजनावर. माझ्या सासऱ्यांनी त्यातली निम्मी त्याला घेऊन दिली होती. त्यातून त्यानं सगळ्यांचे ॲडव्हान्स परत केले. ओट्यावर बसणाऱ्या माणसाचे सर्वांत आधी.

मी त्या दिवशी पुन्हा बँकेत गेले. काय बोलले ते लिहिण्यासारखं नाही, आणि निम्मं तेलुगूत होतं. मोहोळकरांनी सगळं ऐकून घेतलं. शेवटी म्हणाले, थोडे दिवस अक्का.

थोडे दिवस म्हणजे दसरा होऊन गेला. एका दुपारी मोहोळकर माझ्या दारात. दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट, बगलेत फाइल आणि हातात पेढ्याचा पुडा. माझ्या घरी ते पहिल्यांदाच आले होते. मी त्यांना बसा म्हटलं नाही, ते आपणहून बसले.

त्यांनी सांगितलं ते ऐकून मला आधी वाटलं माझी थट्टा करतायत. बँकेत पैसा मावत नव्हता. घाबरलेले लोक खर्च करत नव्हते, हॉटेल नाही, कपडे नाहीत, लग्नं नाहीत. जे काही हाती येईल ते आणून ठेवत होते, आणि शिवाय आपली बँक तरली म्हणून इतर बँकांतून काढून इकडे आणत होते. पण कर्ज घ्यायला कुणी तयार नव्हतं. धंदाच नाही तर कर्ज काढून करायचं काय? ठेवींवर व्याज तर द्यावं लागणार. चेअरमननी सांगितलं होतं, चांगले कर्जदार शोधा, त्यांच्या घरी जा. चांगले म्हणजे ज्यांनी कधी बुडवलं नाही ते.

"यादीत तुमचं नाव पहिलं आहे, अक्का. व्याजही कमी करून आणलंय."

"मार्चमध्ये का नव्हतं यादीत?"

त्यांनी पेढ्याचा पुडा थोडा पुढे सरकवला. मी तो उचलून खिडकीतून खाली रस्त्यावर फेकला. मग मी सह्या केल्या. सगळ्या पानांवर. शाळा बंद होत्या, चौदातल्या नऊ मशिनींवर कापड झाकून ठेवलं होतं, हे कर्ज मी फेडणार कशातून हे देवालाही माहीत नव्हतं. मोहोळकरांनाही ते दिसत होतं, पण त्यांनी विचारलं नाही. त्यांना कर्ज द्यायचं होतं.

पैसे हातात आले तशी मी घरीही न जाता नागेशकडे गेले.

त्याच्या घराला लागून पत्र्याची मोठी शेड आहे. तिथे भांडी रचलेली असत, छतापर्यंत. त्या दिवशी ती अख्खी रिकामी होती. इतकी वर्षं पातेली ठेवून जमिनीवर काळी वर्तुळं उमटली होती, मोठी, लहान, एकात एक. नागेश तिथे स्टुलावर बसून चप्पल शिवत होता. तो आता एका दूधवाल्याचा टेम्पो चालवायचा. वाळला होता. मला बघून उठला, स्टूल माझ्याकडे सरकवलं आणि स्वतः उभा राहिला.

मी पिशवी त्याच्यासमोर ठेवली. "सगळे आहेत," म्हटलं. "आज मिळाले बँकेतून. आज दुपारी."

त्यानं पिशवीला हात लावला नाही. "असू दे, वदिना. आज मिळाले म्हणायची गरज नव्हती. दिलेत, झालं."

"म्हणायची गरज म्हणजे? आजच मिळाले."

तो हसला. वाईट हसला नाही, पण त्याला असं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं. आत सरोजाच्या भांड्यांचा आवाज थांबला.

"मी होतो त्या दिवशी रांगेत," तो म्हणाला. "दुकानाच्या वळणावर. थोडे पैसे होते खात्यात, ते काढायला आलो होतो. तोंडाला टॉवेल होता, तुम्हाला दिसलो नसणार. तुम्ही पायरीवरून सांगितलं, बँक ठीक आहे. माझं काम झालं, आत्ताच झालं. तुमचा आवाज आला तिथपर्यंत."

 मी स्टूल बाजूला सारलं.

"मी रांग सोडून घरी आलो. म्हटलं, आता वदिना येतील पैसे घेऊन. त्या ओट्यावरच्या माणसाला सांगितलं, उद्या या, उद्या देतो. सरोजानं तुमच्या चहासाठी दूध राखून ठेवलं होतं. त्या दिवशी वाट बघितली, दुसऱ्या दिवशी बघितली. मग नाही बघितली."

"फोन का नाही उचललास? विचारलं का नाहीस मला?"

"काय विचारायचं? द्यायचे असते तर तुम्ही आणले असते. नाहीत आणले, तर तुम्हालाही गरज असेल. मला राग नाही, वदिना."

त्यानं राग धरला असता तर बरं झालं असतं. मग मी त्याला सगळं सांगितलं. केबिन, जोडलेले हात, राजमणीचं पासबुक, अनसूयाचा प्रश्न. तिजोरीत काहीच नव्हतं, मी खोटं बोलले, एक शब्द खरा बोलले असते तर त्या दिवशी बँक बुडाली असती आणि या सगळ्या बायका तिच्याबरोबर. मी भरभर बोलत होते, ओरडतही असेन. सरोजा दारात येऊन उभी राहिली होती. नागेश खाली मान घालून ऐकत होता, पाचशे पानांच्या गडबडीत उभा राहायचा तसा, शांत.

माझं बोलून झाल्यावर त्यानं मान वर केली. त्याच्या चेहऱ्यावर टोमणा नव्हता. त्याला माझ्यावर विश्वास ठेवायचा होता आणि ते त्याला जमत नव्हतं, एवढं मला स्पष्ट दिसत होतं.

"बँक रिकामी होती म्हणता," तो म्हणाला. "मग टिकली कशी, वदिना?"

मी त्याच्यामागच्या रिकाम्या जमिनीकडे, त्या काळ्या वर्तुळांकडे बोट दाखवलं.

"अशी," मी म्हणाले.

तो तिकडे बघायला वळला नाही. सरोजानं पुढे येऊन पिशवी उचलली आणि आत नेऊन ठेवली.